सतरा-पंधरा

सतरा-पंधरा झालं आणि शेजारचे आजोबा उठले. आधी त्यांनी थर्मासचं झाकण घट्ट लावलं, मग मांडीवरच्या शालीची घडी घातली, टोपी कानांवर ओढली. मला वाटलं, पाय मोकळे करायला निघाले असतील. सत्त्याहत्तरीचा माणूस, दोन-अडीच तास थंडीत पत्र्याच्या बाकावर बसलेला. पण ते माझ्याकडे वळून म्हणाले, "निघतो मी. याचा शेवट मी बघितलाय." आणि कठड्याला धरून, एकेका पायरीवर दोन्ही पाय टेकवत, लहान मूल जिना उतरतं तसे उतरायला लागले. वर दिवे लागले होते, खाली मिशिगनची पोरं पुन्हा पुन्हा चढाई करत होती आणि पन्नास हजार माणसं उभी राहून ओरडत होती. त्या सगळ्या उभ्या माणसांतून एक लाल टोपी खाली खाली जात दिसेनाशी झाली.

अमेरिकन फुटबॉलचा तो सामना इंडियाना विद्यापीठाने जिंकला. वीस-पंधरा. ९ नोव्हेंबर २०२४. दहापैकी दहा. या विद्यापीठाने फुटबॉल खेळायला सुरुवात केल्यापासून एका हंगामात दहा विजय कधी मिळवले नव्हते, आणि ते मिळाले त्या क्षणी आजोबांची जागा रिकामी होती. बाकावर त्यांची लाल उशी तेवढी राहिली होती, कोपऱ्याला टेप लावलेली, वरची अक्षरं बसून बसून पुसलेली. ती मी काखोटीला मारून घरी आणली आणि चपलांच्या रॅकवर ठेवली.

तेव्हापासून ती उशी मला टोचते आहे.

माझी लेक ब्लूमिंग्टनला, म्हणजे या विद्यापीठाच्या गावी, संशोधन करते. मी त्याच वर्षी बँकेतून निवृत्त झाले होते, म्हणून सप्टेंबरात तिच्याकडे गेले ती डिसेंबरपर्यंत राहिले. गाव छोटं, झाडांचं, पांढऱ्या चुनखडीच्या दगडी इमारतींचं. तिथल्या आसपासच्या खाणींतला दगड न्यूयॉर्कच्या एम्पायर स्टेट बिल्डिंगला लागलाय, हे पहिल्या आठवड्यात मला तिघांनी सांगितलं. आपल्याकडे कसं कोणीही पाहुणा आला की त्याला आधी रंकाळा दाखवतात, तसं. समोरच्या घरात हे आजोबा एकटे राहायचे. लेक त्यांना सरळ नावाने हाक मारते. मला ते जमेना. माझ्यापेक्षा सोळा वर्षांनी मोठ्या माणसाला नुसतं नाव घेऊन बोलवायचं म्हणजे जीभ अडखळते, म्हणून मी कायम 'हॅलो' करून वेळ मारून नेत असे. आमची ओळख झाली ती फुटबॉलवरून. मी कोल्हापूरची, शिवाजी पेठेत वाढलेली. त्यांनी विचारलं, तुमच्याकडे कुठला खेळ? सगळा भारत क्रिकेट म्हणतो तिथे मी फुटबॉल म्हणाले. त्यांचे डोळे चमकले. पुढच्याच शनिवारी त्यांनी दोन जादा तिकिटं आणून दिली. सप्टेंबरात ती तिकिटं मिळायला काही कष्ट नव्हते.

तर तो फुटबॉल आणि हा फुटबॉल यांत नावापलीकडे नातं नाही, हे पहिल्या पाच मिनिटांत कळलं. पायाचा संबंध अधूनमधून. चेंडू लांबट, नारळ सोलायच्या आधी असतो तसा. २८ सप्टेंबरचा मेरीलँडबरोबरचा सामना, वर रिपरिप पाऊस. कोल्हापूरच्या बाईला पावसाचं काय? उलट बरंच वाटलं. मी आपली चेंडूकडे बघत बसलेली आणि तो सतत कुणाच्या तरी पोटाखाली. शेवटी आजोबांनी कागदाच्या कपावर पेनाने रेघा मारून दाखवल्या: चार डाव, दहा यार्ड. तेवढं पुढे सरकलास तर परत चार डाव, नाहीतर चेंडू समोरच्याला. त्या आडव्या रेघा बघितल्या आणि माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. अहो, ही सुरपाटी! पाटी ओलांडायची, अडवणाऱ्याला चुकवायचं, शेवटची रेघ गाठायची. परड्यातली सुरपाटीच, फक्त हेल्मेट घालून. मी हे त्यांना इंग्रजीतून सांगायचा फार प्रयत्न केला. ते मान हलवत राहिले, कळलं काहीच नसणार.

ब्लूमिंग्टन हे खरं तर बास्केटबॉलचं गाव. त्या सभागृहात छताला पाच राष्ट्रीय विजेतेपदांचे झेंडे टांगलेत. फुटबॉलच्या खात्यात काय, तर हरण्याचा विक्रम. वरच्या गटात खेळणाऱ्या सगळ्या अमेरिकन विद्यापीठांत सर्वांत जास्त सामने हरलेलं विद्यापीठ तेव्हा हेच होतं. सातशेवर पराभव! आजोबा हा आकडा असा सांगायचे, की ऐकणाऱ्याला वाटावं ट्रॉफीचंच नाव घेतायत. स्टेडियमबाहेरच्या गवतावर सकाळपासून गाड्यांच्या डिक्या उघडून, शेगड्या पेटवून, सॉसेज भाजत, बिअर पीत माणसं जमतात, त्याला टेलगेट म्हणतात. इथली गंमत अशी की वर्षानुवर्षं पुष्कळ जण तेवढंच करून घरी जायचे. आत गेलेच तर मध्यंतरापर्यंत. "जेवण चांगलं असतं," आजोबा म्हणाले, "मग मॅच कशाला बघायची?" हरण्याभोवती त्या गावाने एक पूर्ण संसार मांडला होता. त्यात विनोद होते, ठरलेली वाक्यं होती, एकमेकांकडे बघून खांदे उडवण्याची पद्धत होती. परक्या माणसाला आवडावं असंच होतं सगळं. मलाही आवडलं.

आणि त्या मांडलेल्या संसारात हा नवा कोच आला. कर्ट सिग्नेटी.

आधीचे कोच टॉम ॲलन. त्यांचं ब्रीदवाक्य होतं 'लव्ह ईच अदर', एकमेकांवर प्रेम करा. २०२० च्या कोविडच्या हंगामात त्यांनी आठपैकी सहा सामने जिंकून दिले, मिशिगनलाही हरवलं. १९८७ नंतर पहिल्यांदा. पण स्टेडियमात प्रेक्षकांना बंदी. "जिंकलो तेव्हा बघायला कुणी नव्हतं, बघायला माणसं आली तेव्हा जिंकलो नाही," हे आजोबांचं आवडतं वाक्य. पुढच्या तीन वर्षांत दोन, चार आणि तीन विजय. २०२३ च्या नोव्हेंबरात ॲलन गेले आणि चारच दिवसांनी सिग्नेटी आले, जेम्स मॅडिसन नावाच्या व्हर्जिनियातल्या विद्यापीठातून. वय बासष्ट. वडीलही कोच होते. सिग्नेटींनी पन्नाशीच्या तोंडावर अलाबामासारख्या बलाढ्य संघातली सहायकाची नोकरी सोडली आणि पेन्सिल्व्हेनियातल्या एका लहानशा विद्यापीठात मुख्य कोच म्हणून गेले, जिथे कधीकाळी वडील होते. तिथून पायरी पायरीने वर. आल्या आल्या कुणी पत्रकाराने विचारलं, पोरांना इथे यायला पटवता कसं? ते म्हणाले, सोपं आहे. मी जिंकतो. गुगल करून बघा. मैदानाच्या कडेला हा माणूस उभा असतो ना, त्याच्या चेहऱ्यावरची सुरकुती हलत नाही. आपला संघ चाळीस गुणांनी पुढे असतानाही चेहरा असा, की घरी गॅस चालू राहिलाय का याचा विचार चाललाय.

सिग्नेटी येताना एकटे आले नाहीत. जुन्या संघातले तेरा खेळाडू त्यांच्यामागोमाग आले. तिकडे आता ट्रान्सफरचे नियम सैल झालेत, पोरं या विद्यापीठातून त्या विद्यापीठात सहज जातात, पैसेही मिळतात. क्वार्टरबॅक, म्हणजे पास देऊन डाव चालवणारा, कर्टिस रूर्क तर मूळचा कॅनडाचा, ओहायोमधल्या दुसऱ्याच एका विद्यापीठातून आणलेला. म्हणजे नाव इंडियानाचं, रंग इंडियानाचा, आणि आतली माणसं बरीचशी कालपरवा आलेली. लेकीला हे खटकायचं. "आई, हा कसला कॉलेजचा संघ? ही तर भाड्याची बारात." मला हसू आलं, कारण हे भांडण मी जन्मापासून ऐकत आले आहे. कोल्हापुरात तालमींच्या संघांत परगावचे, अगदी परदेशातलेही खेळाडू येऊन खेळतात. दर हंगामात पेठेतल्या कट्ट्यावर तोच वाद: आपली पोरं बाकावर बसवायची आणि बाहेरचा आणायचा? पण बाहेरच्याने शेवटच्या मिनिटाला गोल मारला की त्यालाच खांद्यावर घेऊन मिरवणूक.

खरं सांगायचं तर सिग्नेटींबद्दल माझ्या मनात पहिल्यापासून अढी होती, आणि तिचं कारण फुटबॉलमध्ये नाही. आमच्या बँकेच्या शाखेत मी बावीस वर्षं काढली. तिथले एक साहेब होते, त्यांना प्रत्येक खातेदाराच्या पोराचं नाव, मुलीचं सासर, बैलाची किंमत ठाऊक. चार वाजता चहा सगळ्यांचा एकत्र, भडंगाची पुडी मधोमध फोडलेली. शाखा थकबाकीत कायम तळाला. वरून पत्रं यायची, साहेब ती फायलीला लावायचे आणि म्हणायचे, "माणसं आहेत हो, देतील." ते गेले आणि नवे साहेब आले, येताना आपले तिघे घेऊन आले. पहिल्याच दिवशी म्हणाले, मार्चपर्यंत ही शाखा पहिल्या पाचांत येणार, ज्यांना जमत नसेल त्यांनी आत्ता सांगावं. चहा टेबलावर यायला लागला, एकेकट्याचा. आमच्यातल्या दोघांच्या बदल्या झाल्या. मी त्या माणसाचा इतका राग राग केला की घरी येऊन भांडी आपटायचे. मार्चअखेर आम्ही तिसरे आलो. वरून पेढे आले. पेढा तोंडात घातला तो गोड लागला, हे मला अजूनही आवडलेलं नाही.

म्हणून मी जरा दबा धरूनच बघत होते. बघू, कधी पडतो. तो पडेना. नेब्रास्काला ५६-७ असं धुतलं त्या सामन्यात रूर्कचा अंगठा दुखावला, वाटलं आता संपलं. पुढच्या शनिवारी वॉशिंग्टनविरुद्ध राखीव पोरगा उतरला आणि तोही जिंकून आला, ३१-१७. त्या दिवशी पहाटेपासून टीव्हीवाले गावात येऊन बसलेले, पोरं पांघरुणं लपेटून अंधारात उभी. (रूर्कचं पुढे जानेवारीत कळलं. हंगाम सुरू व्हायच्या आधीच सरावात त्याच्या गुडघ्याचा अस्थिबंध फाटला होता आणि तो आख्खा हंगाम तसाच खेळला. मी ते वाचून स्वतःच्या गुडघ्यावरून हात फिरवला.) गाव बदलत होतं ते डोळ्यांनी दिसत होतं. भाजीच्या दुकानातली गल्ल्यावरची मुलगी लाल स्वेटरमध्ये. लायब्ररीत लाल. गवतावरच्या शेगड्या आता सामन्याच्या अर्धा तास आधीच विझायला लागल्या, कारण माणसं आत जायला लागली. आजोबांच्या आजूबाजूची त्यांची हक्काची रिकामी बाकं भरली. त्यांना आता शाल पसरून बसता येईना. एकदा मागच्या रांगेतल्या पोराने बिअर सांडली तेव्हा ते मला हळूच म्हणाले, "पूर्वी इथे माझ्या ओव्हरकोटाला वेगळी सीट असायची."

मी हसले तेव्हा. पण नंतर लक्षात आलं की त्या एका वाक्यात विनोद निम्माच होता.

आमच्या घरी सामना सोडून उठणं हा गुन्हा होता. मी नऊ-दहा वर्षांची असल्यापासून बाबांच्या बरोबर शाहू स्टेडियमवर जायचे. गॅलरीत बायका नाहीतच, माझ्यासारखी फ्रॉक घातलेली एखादी पोरगी, तीही बापाच्या हाताला धरून. मार्च-एप्रिलचं ऊन, तापलेल्या दगडी पायरीवर बूड भाजायचं म्हणून बाबा खाली रुमाल अंथरायचे. भाजक्या शेंगांचा वास, धुरळा, शिट्ट्या, आणि समोरच्या पेठेच्या नावाने एका सुरात दिलेल्या घोषणा, ज्या घरी म्हणायच्या नाहीत अशी ताकीद असे. आमच्या पेठेतला ज्या संघावर बाबांचा जीव होता त्याचं नाव मी इथे लिहीत नाही. उगाच लोक आजही हिशेब काढतील. तो संघ तेव्हा हरायचा. असा तसा नाही, मुक्कामाला हरायचा. शेवटची दहा मिनिटं राहिली की माणसं उठायला लागायची, सायकली काढायला. बाबा खालून वर बघून ओरडायचे, "अरं मैताला गेल्यावर मधनंच उठून येतोस व्हय रं? मग हितनं कशाला उठतोस?" शिट्टी वाजेपर्यंत ते हलत नसत. शिट्टी वाजली की रुमाल झटकून घडी घालायचे, खिशात ठेवायचे आणि म्हणायचे, चला. बस. घरी येईपर्यंत एक शब्द नाही. आईला विचारावंच लागत नसे, ती रुमालाची घडी बघून ओळखायची म्हणे.

म्हणून तर सतरा-पंधराला आजोबा उठले त्याचा मला राग आला. थेट राग. सत्तावन्न वर्षं वाट बघितलीस आणि आता उठतोस?

सत्तावन्न हा आकडा त्यांनीच दिलेला. १९६७ साली ते त्याच विद्यापीठात शिकत होते. त्या वर्षी इंडियानाचा संघ असाच अचानक जिंकत सुटला होता, तोही काठावर, शेवटच्या क्षणी, इतका की त्यांचं नाव पडलं कार्डियाक किड्स, हृदयविकार देणारी पोरं. पर्ड्यूला हरवून ते कॅलिफोर्नियातल्या रोझ बोल या मानाच्या सामन्याला गेले आणि १ जानेवारी १९६८ ला तिथे १४-३ असे हरले. तेव्हापासून २०२४ पर्यंत पुन्हा रोझ बोल नाही. आजोबा तेव्हा वीस वर्षांचे. चार मित्र एका गाडीतून कॅलिफोर्नियाला गेले होते. त्या चौघांतले हे एकटे उरलेत. ही माहिती त्यांनी मला पानं गोळा करता करता दिली, फावड्यासारख्या त्या मोठ्या दाताळ्यावर हात टेकून, हवापाण्याबद्दल बोलावं तशी.

मिशिगनच्या सामन्यानंतर आठवडाभर ते मला चुकवत होते, किंवा मी त्यांना. उशी परत द्यायला रस्ता ओलांडायचा म्हणजे वीस पावलं. पण उशी देणं म्हणजे 'तुम्ही गेलात ते मी बघितलं' असं सांगणं. रोज संध्याकाळी फिरून आले की चपला काढताना ती दिसायची. लेक म्हणाली, "दे की नेऊन, काय त्यात?" तिच्या पिढीला यातलं काय त्यात ते सांगता येत नाही. त्याच दिवसांत बातमी आली की विद्यापीठाने सिग्नेटींशी आठ वर्षांचा नवा करार केला, वर्षाला ऐंशी लाख डॉलरच्या घरात. मी मनातल्या मनात रुपये करून बघितले आणि सोडून दिलं.

मग २३ नोव्हेंबर. ओहायो स्टेट, त्यांच्या मैदानावर. आम्ही टीव्हीवर बघत होतो. समोर आजोबांच्या गॅरेजचं दार वर केलेलं, आत ते स्टुलावर बसून कशाला तरी सँडपेपर मारत होते आणि बाजूला रेडिओ. इंडियानाच्या सामन्यांचं रेडिओवरचं वर्णन १९७३ पासून डॉन फिशर करतात, एकच आवाज. आजोबा टीव्ही चालू असला तरी त्याचा आवाज बंद करून हेच ऐकायचे. पहिला टचडाऊन, म्हणजे शेवटची रेघ गाठणं, इंडियानाचा. मी खिडकीतून बघितलं, सँडपेपर थांबलेला. नंतर मात्र पडझड सुरू झाली. ३८-१५. हंगामातला पहिला पराभव. मला खरंच वाईट वाटलं, अढी बिढी विसरून. तासाभराने दारावर टकटक. आजोबा उभे, हातात फॉइलने झाकलेलं भांडं. पर्सिमनचं पुडिंग, तिकडच्या रानटी टेंभुर्णीसारख्या फळाचं. दिसायला काळपट, गुळाच्या पोळीच्या सारणासारखं, आणि चवही जवळजवळ तशीच. आजोबांचा चेहरा मोकळा. दोन आठवड्यांत पहिल्यांदा. खुर्चीत ऐसपैस बसून त्यांनी संघाची यथेच्छ नालस्ती केली, जुने पराभव सन-सनावळीसकट काढले, आम्हाला हसवलं. जाताना दारात थांबून म्हणाले, "आता कसं, जरा ओळखीचं वाटलं."

रॅकवरची उशी त्यांना दिसली असणारच. बोलले नाहीत. मीही नाही.

मी रात्रभर त्या वाक्याशी झोंबत राहिले. हा माणूस पराभवाने सुखावला होता असं नाही, तेवढं मला कळतं. पण मुलीचं लग्न थाटात लागल्यावर रिकाम्या मांडवात एकटा बाप बसतो, तसं काहीतरी त्यांचं झालं होतं. इतकी वर्षं ज्या दुःखाची काळजी घेतली, त्याला कुणीतरी तीन महिन्यांत सासरी पाठवून दिलं. तेही अशा माणसाने, जो हसतही नाही. आणि नव्या गर्दीला त्या सातशे पराभवांतला एकही पाठ नाही. ती पोरं नुसती जिंकायला आलेली. मिशिगन चढाई करत असताना त्यांना भीती हरण्याची वाटली की जिंकण्याची? मी विचारलं नाही. विचारायचं इंग्रजी माझ्याकडे नव्हतं. मराठीतून तरी विचारलं असतं का, शंकाच आहे.

३० नोव्हेंबरला पर्ड्यू. शेजारचंच विद्यापीठ, म्हणजे भाऊबंदकी. १९२५ पासून दोघांत एका जुन्या लाकडी बादलीसाठी सामना होतो. जो जिंकेल त्याचं अक्षर बादलीच्या साखळीला अडकवतात. मागची तीन वर्षं बादली पर्ड्यूकडे. थँक्सगिव्हिंगची सुट्टी, रात्रीचा सामना, आणि थंडी अशी की श्वास मफलरवर गोठायचा. मी उशी बरोबर नेली. आजोबा आले, मी ती त्यांच्या बाकावर ठेवली, ते तिच्यावर बसले. झालं. वीस दिवसांचा डोंगर दोन सेकंदांत उतरला. सामन्यात पाहण्यासारखं काही राहिलंच नाही. ६६-०. पन्नाशी ओलांडली तशी माणसं निघायला लागली, बोटं बधिर झालेली, लेक माझी बाही ओढायला लागली. आजोबा हलेनात. ते आपल्या पोरांकडे बघतच नव्हते. दुर्बिणीतून समोरच्या कडेला पर्ड्यूच्या बाकाकडे बघत होते. हंगामात एकच सामना जिंकलेली ती पोरं, डोक्यावरून काळे कोट ओढून ओळीने बसलेली. "उद्या त्यांच्या कोचची नोकरी जाईल," ते म्हणाले. गेलीच, दुसऱ्याच दिवशी. मग त्यांनी थर्मासमधली कॉफी झाकणात ओतून मला दिली. गार झाली होती. आम्ही तिघं घड्याळात शून्य होईपर्यंत बसलो. खाली बादलीभोवती पोरं नाचत होती. आजोबांनी उशी झटकली, काखेत घातली आणि उठले. मला बाबांचा रुमाल आठवला, पण घडीवरून काही ओळखता आलं नाही.

डिसेंबरच्या मध्याला मी कोल्हापूरला परतले. त्या वर्षी राष्ट्रीय विजेतेपदासाठी पहिल्यांदाच बारा संघांचं प्लेऑफ होतं आणि इंडियानाची गाठ पडली नोत्रदाम विद्यापीठाशी, त्याच राज्यात, त्यांच्या अंगणात. तिकडची शुक्रवारची रात्र म्हणजे आपला २१ डिसेंबरचा, शनिवारचा दिवस उगवत होता. लेकीने आजोबांना घरी जेवायला बोलावलं होतं. तिने व्हिडिओ कॉल लावला आणि फोन पुस्तकांना टेकवून टीव्हीसमोर ठेवला. मला पाऊण टीव्ही दिसायचा आणि उरलेल्या पाव भागात आजोबांचा एक गुडघा. साडेसहा वाजलेले, बाहेर धुकं, मी स्वेटर घालून स्वयंपाकघरातल्या ओट्याशी. इंडियानाने त्यांचा पास पकडला, आनंद व्हायच्या आत पुढच्याच खेपेला रूर्कचा पास त्यांनी आपल्या रेघेपाशी पकडला, आणि मग जेरेमाया लव्ह नावाचा त्यांचा पोरगा अठ्ठ्याण्णव यार्ड पळत सुटला, कुणाचा हात लागेना. फोनच्या एवढ्याशा पडद्यावर तो ठिपका डावीकडून उजवीकडे गेला आणि गुडघा किंचित हलला. पुढे सगळं हळूहळू, दाबत दाबत. २७-३. लाल स्वेटरवाल्या त्या मुलीचं, त्या शेगड्यांचं, सगळ्या गावाचं काय चाललं असेल असं मनात येत राहिलं. सिग्नेटींचा चेहरा एकदा जवळून दाखवला. तोच. गॅस चालू राहिलाय का.

दोन मिनिटं राहिली होती. मी फोन ओट्यावर उपडा ठेवला आणि बाहेर गेले. दूधवाला आला असेल असं स्वतःला सांगितलं. तुळशीपाशी उभी राहिले, समोरच्या गल्लीतून सकाळच्या सरावाला जाणारी दोन पोरं चेंडू टप्पे मारत नेत होती, त्यांच्याकडे बघितलं. पाच-सात मिनिटं गेली असतील. आत आले तर कॉल संपलेला आणि लेकीचा मेसेज: शेवटच्या दीड मिनिटात दोन टचडाऊन झाले गं आपले! २७-१७. हरलो, पण काय खेळले! त्याखाली लगेच दुसरा: आजोबा विचारतायत, तुझ्या आईने शेवट बघितला का?

दूध अजून यायचंच होतं. मी लिहिलं, "बघितला."